काहिलीची जागा

"तूच न्यायचीस आईला. मी न्हेणार न्हाय म्हंजे न्हाय. स्टँपपेपरवर लिहून पायजे असलं तर आण, सही करतो."

हा माझ्या थोरल्या आत्तेभावाचा आवाज. मी तेव्हा ओढ्याच्या पुलावर होतो. मोटारसायकल चालू, डोक्याला हेल्मेट, मधे उसाचं एक अख्खं रान. तरी शब्द न् शब्द कानात आला. ह्या आवाजाबद्दल एकदाच सांगून टाकतो, म्हणजे पुन्हा थांबायला नको. हा गडी पाळण्यात रडायला लागला की कारखान्याचा भोंगा झाला समजून बिद्रीकडची माणसं डबे घेऊन पाळीला निघायची. यात मी फार तर चिमूटभर मीठ घातलंय.

"दादा, तू थोरला हाईस, तूच न्यायची," हा धाकटा. "माझ्या घरात मी तिला आणणार न्हाय. मेलो तरी आणणार न्हाय."

मी गाडी दारात लावेपर्यंत कुंपणाच्या भिंतीवर डोकी उगवली होती. दुधाची किटली घेऊन डेअरीकडं निघालेल्या दोघी तिथंच थबकल्या होत्या.

"मालकाला जाऊन वरीस झालं न्हाय तवर म्हातारी जड झाली बघ," एक म्हणाली.

"दोन ल्योक हायत की," दुसरी म्हणाली. "म्हणून तर दोन बाजूनी ढकलत्यात."

खरं सांगतो, मलाही तसंच वाटलं. मामांचं, म्हणजे आत्तीच्या मालकांचं, वर्षश्राद्ध आदल्याच दिवशी झालेलं. थोरला कोल्हापुरात चौथ्या मजल्यावर राहतो, धाकट्याचे कबनूरला माग. आत्ती एकटी इथं, कागलच्या पुढच्या ह्या गावात, बंद पडलेल्या गुऱ्हाळाच्या शेजारी. आता तिचं काय करायचं हे ठरवायला सगळे मागं थांबले होते, आणि काय ठरत होतं ते अख्ख्या शिवाराला ऐकू येत होतं.

आणि त्याच वेळी आतून येणारा भाकरी थापायचा आवाज थांबला.

ही साधी गोष्ट नाही. आत्तीच्या घरात भाकरीचा आवाज थांबलेला मी जन्मात ऐकला नव्हता. तिच्याकडं कळवून जा, न कळवता जा, सकाळी जा, तिन्हीसांजेला जा; तुम्ही चप्पल काढून आत पाऊल टाकता आणि तव्यावरची फुगलेली भाकरी तुमच्या ताटात पडते. दोन मिनिटं आधी नाही, दोन मिनिटं नंतर नाही. मी लोकांना सांगत आलो होतो की आत्तीला माझ्या पेट्रोलचा वास कागलच्या चौकातूनच येतो, आणि कोणत्या पंपावर भरलंय तेही कळतं. लोकांचा विश्वास बसायचा, कारण भाकरीचं दुसरं कारण कुणाला सुचत नव्हतं.

आता ही माणसं कोण ते सांगायला पाहिजे, नाहीतर तुम्हीही भिंतीवरच्या डोक्यांसारखे ह्या दोघांना शिव्या घालून मोकळे व्हाल.

आत्तीच्या सासरची माणसं फेरवाली. हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. ह्या पंथाला देव नाही, पोथी नाही, गादी नाही आणि वर्गणी तर नाहीच; मग ओळखणार कोण? आसपासच्या पाचसहा गावांत, जिथं जिथं गुऱ्हाळं होती तिथं तिथं, ह्यांची चार-चार घरं. सगळं तत्त्वज्ञान उभं आहे ते एका काहिलीभोवती. काहील म्हणजे उसाचा रस आटवायची भली मोठी कढई. आत्तीच्या घराण्यातली काहील एवढी थोरली की तिला आतून घासायला उतरलेला गडी बाहेर येईपर्यंत त्याची दाढी वाढायची.

ह्या घराण्यात कोणी एक खापरपणजा गुळव्या होता. गुळव्या म्हणजे रस कधी उतरवायचा हे ठरवणारा, गुऱ्हाळावरचा राजा. हा राजा एकदा आपल्या एकट्याच्या डोळ्यांवर विसंबला. बुडबुडे बघितले, रंग बघितला, म्हणाला, उतरवा. उतरवली. गूळ असा निघाला की कावळे आपलाच कोणी भाऊबंद पडलाय समजून भोवती गोळा झाले. गुळव्यानं आधी सगळ्यांना शिव्या दिल्या. शिव्या संपल्यावर मात्र तो काहिलीभोवती एक फेरी मारून एकेकाला विचारत सुटला. चरकावरचा म्हणाला, आजचा ऊस पाणथळ रानातला होता. मळी काढणारा म्हणाला, मळी शेवटपर्यंत येतच होती. आणि खाली चुलवाणाच्या तोंडाशी बसून जाळात चिपाडं सारणारा, ज्याला वरून कुणी बघतही नसे, तो म्हणाला, चिपाड वल्लं हुतं, जाळ मधीच बसला.

"मग बोलला का न्हाईस?"

"मला कुणी इचारलंच न्हाय."

म्हणतात की गुळव्या जागेवरून उठला. खाली उतरला, चुलवाणाच्या तोंडाशी जाऊन बसला, आणि चिपाडवाल्याला म्हणाला, वर जा, माझ्या जाग्यावर बस, आणि तिथनं काय दिसतंय सांग. पहिला फेर तो.

मग गुळापुरता असलेला फेर बांधाला लागू झाला, विहिरीला झाला, लग्नाला झाला, निवडणुकीलासुद्धा झाला, पण तिथं टिकला नाही. रीत सोपी आहे आणि पाळायला महाकर्मकठीण आहे. गोल बसायचं. मधे काहील ठेवायची, म्हणजे ज्याचा वाद आहे ती गोष्ट. आपल्या जागेवरून दिसतं तेवढंच बोलायचं. मग सगळ्यांनी एक जागा डावीकडं सरकायचं, आणि त्या जागेवरचा आधी काय बोलला ते त्याच्याहून चांगलं बोलून दाखवायचं. तो "व्हय, ह्येच" म्हणाला की पुढं. तो म्हणेना, तर बसा तिथंच. एका बांधाच्या वादात एक जण दुसऱ्याच्या जागेवर इतके दिवस बसला की त्याच्या बायकोनं तिथंच डबा पाठवायला सुरुवात केली. म्हशीनं त्याला ओळखणं सोडलं.

सगळे सगळ्यांच्या जागी बसून झाले की एक जण मोळी बांधतो. रानात उसाची मोळी दोरीनं बांधत नाहीत, त्याच उसाच्या शेंड्याच्या हिरव्या पानांनी बांधतात, वाढ्यानं. तसंच इथं. फेरात कुणीतरी बोललेल्या शब्दानंच सगळ्यांचं बांधायचं. बाहेरचा धागा चालत नाही. कोर्टाचं कलम आणायचं नाही, शास्त्रातलं वचन आणायचं नाही, आणि "आमच्या बापाच्या वेळी" हे तर तोंडातूनही काढायचं नाही.

ह्यात मोठी गोष्ट काय, असं मलाही वाटायचं. लग्न नवीन असताना मी बायकोला घेऊन आत्तीकडं गेलतो. येताना वाटेत आमचं कशावरून तरी बिनसलं होतं. आत्तीनं काही विचारलं नाही. आमच्या दोघांमधे गुळाची एक ढेप आणून ठेवली आणि म्हणाली, कशी हाय सांगा. मी म्हणालो, अखंड आहे. बायको म्हणाली, कोपरा तुटलाय. आत्तीनं जागा बदलायला लावल्या. माझ्या नव्या जागेवरून तुटका कोपरा दिसला, बायकोला अखंड बाजू दिसली, दोघंही वरमलो. झालं असं समजून मी उठायला लागलो तर आत्ती म्हणाली, "बस. गूळ बोलायचा ऱ्हायलाय की." आणि तिनं ढेप उलटी केली. खाली मुंग्यांचं अख्खं वारूळ, आणि गूळ आतून निम्मा पोकळ. मी तोपर्यंत दोघांचं मिळून सत्य होतं असं समजत होतो. त्या दिवशी माझ्या अंगावर काटा आला तो अजून पूर्ण बसलेला नाही.

कारण फेरातली खरी मेख तीच. काहील शेवटी बोलते. वाद बैलाचा असेल तर कुणीतरी बैलाच्या जागी बसायचं आणि बैलाचं बोलायचं. मी स्वतः एकदा एका बोअरच्या वतीनं बसलो आहे, आणि पाणी लागेपर्यंत उठलो नाही. गावातले निवृत्त गुरुजी शाळेत आंधळ्यांची आणि हत्तीची गोष्ट शिकवायचे. ती ऐकून आत्ती एवढंच म्हणाली होती, "समदं खरं, पण हत्तीला कुणी इचारलं?" गुरुजींनी ती गोष्ट त्यानंतर शिकवायचीच सोडली.

हे गुरुजी त्या दिवशी सोप्यात होतेच. बौद्ध वस्तीतले. ह्यांचे वडील ह्याच गुऱ्हाळावर चुलवाणात चिपाडं घालायचे. फेरात ह्यांच्या घराची जागा अगदी पहिल्यापासूनची. मी दारात चप्पल काढत होतो तेवढ्यात त्यांनी मला भिंतीशी ओढलं आणि डोक्याला हात लावून म्हणाले, "पावणं, घात झाला. फेर जादाच लागला."

"म्हणजे?"

"सकाळी बसलाव तवा थोरला म्हणत हुता, आई माझ्याकडं. धाकटा म्हणत हुता, माझ्याकडं. दोघं हातघाईवर आलते. मग जागा बदलल्या. थोरला धाकट्याच्या जाग्यावर बसला, त्याला कबनूरचं अंगण दिसलं, नातवंडं दिसली, शेजारपाजार दिसला. धाकटा थोरल्याच्या जाग्यावर बसला, त्याला लिफ्ट दिसली, दवाखाना दिसला, मागाचा खडखडाट न्हाय हे दिसलं. दोघांस्नी एकमेकाचं इतकं पटलं, इतकं पटलं, की आता दोघं म्हणत्यात, तू ने. आन त्यावर पेटलेत."

मी दोन्ही भावांकडं बघितलं. थोरल्याच्या मानेच्या शिरा फुगलेल्या. धाकट्याच्या डोळ्यांत पाणी. एवढ्या मायेनं भांडणारी माणसं मी त्याआधी बघितली नव्हती, आणि ऐकणाऱ्याला त्यातलं एक अक्षर मायेचं वाटत नव्हतं. जगात दुसऱ्याचं न पटल्यामुळं घरं फुटतात. इथं पटल्यामुळं फुटायला आलं होतं.

"आणि मधे काहिलीच्या जागी कोण बसलं होतं?" मी विचारलं.

गुरुजींनी सोप्याच्या मधोमध बघितलं. सोप्यात गोल पोती अंथरलेली होती. मधे नुसती शेणानं सारवलेली जमीन.

"मोळी आत्तीच बांधत्यात ना नेहमी," ते हळू म्हणाले. "बांधणारा शेवटपर्यंत लांब ऱ्हातोय. म्हणून त्या रीतीपरमाणं आत गेल्या. आम्हीबी... रीतीपरमाणंच..." आणि मग खाली बसले. "रिकाम्या काहिलीला जाळ घातला की रं आम्ही."

म्हणजे बांधणारी तीच आणि काहीलही तीच. आणि हे त्या घरातल्या एकालाही सकाळपासून सुचलेलं नव्हतं. रीत इतकी नीट पाळली होती की जिच्यासाठी पाळली तीच उंबऱ्याच्या आत शेगडीपुढं बसून, भाकरीच्या आवाजातून, फक्त शेवटचं वाक्य ऐकत होती. तू ने. न्हाय, तू ने.

तेवढ्यात आतून काहीतरी घासत येत असल्याचा आवाज आला. आत्ती लोखंडी ट्रंक ओढत बाहेर येत होती. अंगणाच्या दिशेनं, कुणाकडं न बघता. पदर खोचलेला, हाताला अजून पीठ. थोरल्याचा आवाज असा बंद झाला की भिंतीवरच्या डोक्यांना बहिरेपणा आला असं वाटलं.

"आये, कुठं निघालीस?"

ती ट्रंक ओढतच राहिली.

धाकट्यानं धावत जाऊन ट्रंकेची कडी धरली. ओढाताणीत झाकण उघडलं. आत घडी घातलेल्या गोधड्या, आणि सगळ्यांच्या वर मामांचा फोटो आणि आत्तीचं आधारकार्ड. विहिरीवर जाताना, रानात जाताना, लग्नाला जातानासुद्धा आपल्याकडची बाई आधारकार्ड घेत नाही. ते घेऊन बाई निघाली म्हणजे तिचा पत्ता बदलणार आहे.

थोरली सून हुंदका देऊन म्हणाली, "आत्ती, तुम्ही ऐकलं ते तसं न्हवं."

"ऐकायला काय चुकतंय," आत्ती म्हणाली. "कान हायत की मला."

गुरुजी उठले. आयुष्यभर चौथीच्या पोरांना गप्प केलेला माणूस. त्यांनी हात वर केला आणि सगळे गप्प झाले. म्हणाले, "फेर पुरा झाल्याला न्हाय. काहील ठिवायची ऱ्हायली आमची. चूक आमची. आत्ती, बसा."

"मी बसल्यावर मोळी कोण बांधणार?"

"बांधाल तुम्हीच. पण आधी आम्ही तुमच्या जाग्यावर बसतो. एकेकजण. मग तुम्ही बोला न्हायतर नका बोलू."

आत्तीनं ट्रंक सोडली नाही, पण ओढलीही नाही. तिच्यावरच टेकली.

तिची जागा म्हणजे सोप्यातून आत जाताना उंबऱ्याशी असलेला पाट. डाव्या हाताला गॅसची बुटकी शेगडी, उजव्या हाताला परात. लग्न होऊन आली तेव्हापासून ती तिथं बसत आली. आम्ही सगळे तो पाट ओलांडून हजार वेळा आत-बाहेर गेलो असू. त्यावर बसलं कुणीच नव्हतं.

आधी थोरला बसला. पाटानं एक हुंकार दिला. तो जरा वेळ इकडंतिकडं बघून म्हणाला, "काय न्हाय. दार दिसतंय. दारातनं रस्ता. उसाच्या कडंनं सरळ, पार पुलापतोर. पुलावर एक सायकलवाला हाय." त्या माणसाला मी पहिल्यांदाच साध्या आवाजात बोलताना ऐकत होतो. "आये, मी दर रैवारी यायचो ते तुला पुलापासनं दिसत हुतं व्हय? आन ज्या रैवारी न्हाय आलो, तवा?"

"दिसतंय तेवढं सांग," गुरुजी म्हणाले. "इचारू नगं."

"रिकामा पूल दिसतोय," थोरला म्हणाला आणि उठला.

मग थोरली सून बसली. तिनं सवयीनं परात पुढं ओढली, पिठाचा गोळा हातात घेतला, आणि दारातून बाहेर बघत थापायला लागली. थापता थापता एकदम थांबली. "अगं बाई. माणूस पुलावर आलं की गोळा हातात घ्यायचा. वडाजवळ आलं की तव्यावर टाकायची. दारात आलं की फुगती." आम्ही सगळे एकमेकांकडं बघायला लागलो. इतकी वर्षं मी पेट्रोलच्या वासाच्या ज्या थापा मारत होतो, त्या थापांचं उत्तर ह्या एका पाटावर मांडून ठेवलेलं होतं. जादू नव्हती. एक बाई वर्षानुवर्षं रस्त्याकडं बघत बसली होती, एवढंच. ते कळल्यावर खरं तर नवल कमी व्हायला पाहिजे होतं. माझं तर वाढतच गेलं.

गुरुजी बसले तेव्हा त्यांनी मान वळवली. पाटाच्या बाजूला भिंतीत एक हातभर खिडकी आहे. उजेडासाठी असेल असं आम्हाला वाटायचं. गुरुजी तिच्यातून बघत राहिले. "हितनं चुलवाणाचं तोंड दिसतंय," ते म्हणाले. "माझा बाप बसायचा ती जागा. बरोबर तीच. बाप म्हणायचा, जाळाजवळ बसणाऱ्याला गुळाचा वास समद्यात आधी येतोय आन गूळ समद्यात शेवटी मिळतोय. पण असंबी म्हणायचा, की घाम पुसायला म्हणून उठलं की ह्या घरातनं चहा येतोय. हाक मारायची पाळी यायची न्हाय. म्हणायचा, ह्या घराला कान हायत." त्यांनी चष्मा काढला. "कान न्हवतं. डोळं हुतं."

धाकटी सून बसली आणि म्हणाली, समोरच्या भिंतीवर दप्तराच्या दोन खुंट्या आहेत आणि त्यांतल्या एकीला अजून शाईचा डाग आहे. मग धाकटा बसला. तो काहीच बोलेना. खुंट्यांकडं बघितलं, पुलाकडं बघितलं, खिडकीतून गुऱ्हाळाच्या धुराड्याकडं बघितलं. त्यावर पिंपळ उगवलाय.

"बोल की लेका," थोरला म्हणाला.

"काय बोलू," धाकटा म्हणाला. "हितनं उठू वाटंना."

शेवटी माझी पाळी आली. माझी ख्याती सगळ्यांना माहीत. फेरात थापाड्याला मुद्दाम एक जागा असते, कारण नसलेलं दिसणाराही एक लागतो म्हणतात. सगळे माझ्या तोंडाकडं बघत होते की आता हा पाटावरून गोव्याचा समुद्र दिसतो म्हणणार. मी बसलो. दार दिसलं. रस्ता दिसला. पुलावर मघाशी मी होतो ती जागा दिसली, आणि मला एकदम कळलं की मी तिथं असताना आत्ती मला बघत होती. मी खाली बघितलं. शेगडीशेजारी ताटलीत एक भाकरी होती. फुगून, बसून, गार व्हायला लागलेली. माझी.

म्हणजे आपल्याला दोन्ही लेक नाकारतायत असं ऐकता ऐकताही ह्या बाईनं पुलावरचा भाचा बघितला होता, गोळा हातात घेतला होता, भाकरी थापून, भाजून, काढून ठेवली होती, आणि मग ट्रंक भरायला गेली होती.

मी आयुष्यात एकदाच गप्प बसलोय, ते तेव्हा. तेवढा वेळ मला असं वाटत होतं की हे घर, तो पूल, ते चुलवाण, थोरल्याची चौथ्या मजल्यावरची गॅलरी, कबनूरचे माग, हे सगळं ह्या पाटाभोवती हळूहळू फिरतंय, आणि फिरत नाही तो फक्त पाट. ह्यात मी मीठ घातलेलं नाही. बाकी कुठल्या ओळीबद्दल शपथ घ्यायला लावू नका, ह्या ओळीबद्दल घेतो.

"भाकरी दिसतीय," मी म्हणालो आणि उठलो.

आत्ती ट्रंकेवरून उठली. येऊन आपल्या पाटावर बसली. परात पुढं ओढली. आम्ही सगळे पोत्यांवर, आणि त्या दिवशी पहिल्यांदाच मधे नुसती जमीन नव्हती; फेर आपोआप उंबऱ्याकडं सरकला होता.

"बोला," गुरुजी म्हणाले.

"मी काय बोलू. धाकट्यानं बोलून ठिवलंय की." तिनं पिठाचा गोळा उचलला. "हितनं उठू वाटंना. झालं. त्येच वाढं, त्यानंच बांधली मोळी."

थोरल्यानं तोंड उघडलं. त्याचं खरं म्हणणं काय होतं ते सगळ्यांना माहीत होतं: एकटी कशी राहशील, रात्रीअपरात्री कोण आहे, वय काय. आत्तीनं त्याला बोलूच दिलं नाही.

"काहील कितीदा उतरवायची असती रं?"

"एकदा," थोरला म्हणाला.

"कवा?"

"गूळ झाल्यावर."

"मग. अजून रस पातळ हाय. तवर काहील जाग्यावर ऱ्हाती आन माणसं फिरत्यात. फिरा. एक रैवार तू, एक रैवार त्यो. रातच्याला गुरुजीची नात येती म्हणतीय झोपायला, तिला अभ्यासाला जागा पायजे. पोरास्नी आणा. न्हाय आलासा तर मला हितनं दिसतंय."

गुरुजींनी थोरल्याकडं बघितलं, थोरल्यानं धाकट्याकडं. धाकटा म्हणाला, "व्हय, ह्येच." मग थोरला म्हणाला. मग सुना. माझं म्हणणं कुणी विचारलं नाही, पण मीही म्हणालो. भिंतीवरच्या डोक्यांपैकी किटलीवाल्या दोघींनासुद्धा राहवलं नाही. "व्हय, ह्येच," एक म्हणाली आणि दुसरीनं तिला कोपरानं ढोसलं की चल, डेअरी बंद होईल.

फेर मोडला तसा आवाज पुन्हा सुरू झाला. आधी भाकरीचा, मग थोरल्याचा: आता पहिला रविवार कुणाचा यावर तो धाकट्याशी भांडत होता आणि ह्या वेळी दोघांनाही पहिला पाहिजे होता. मी माझी गार भाकरी खाल्ली. आत्ती दुसरी देत होती, मी घेतली नाही. तीच पाहिजे होती.

जेवणं झाल्यावर मी आणि आत्ती अंगणात गोधड्या दोरीवर टाकत होतो. भाद्रपद सरत आला होता, पावसानं उघडीप दिली होती, घटस्थापनेच्या आधी घराघरात गोधड्या बाहेर येतातच. मामांचा फोटो धाकट्यानं परत खिळ्याला लावला होता. ट्रंकेच्या तळाशी आता फक्त ते कार्ड राहिलं होतं. मी ते उचललं, पुसलं आणि शेवटी विचारलंच.

"आत्ती, सकाळी ट्रंक कशाला भरलीस?"

"गोधड्या उन्हात घालायच्या हुत्या."

"आणि हे आधारकार्ड?"

तिनं ते माझ्या हातातून घेतलं, दोरीवर गोधडीच्या शेजारी चिमटा लावून अडकवलं, आणि म्हणाली,

"त्येबी दमट झालतं."